‘लव्ह इज ब्लाइंड’चे दहावे पर्व कधी? – बी विंगच्या ग्रुपवरील चर्चा

बी-५०३
सर्वांना नमस्कार. नेटफ्लिक्सवरील ‘लव्ह इज ब्लाइंड’ या, चेहरा न पाहता जोडीदार निवडण्याच्या अमेरिकी कार्यक्रमाच्या नवव्या पर्वाचा रीयुनियनचा, म्हणजे सगळी जोडपी पुन्हा एकत्र येतात तो भाग २९ ऑक्टोबर २०२५ ला येऊन गेला आणि तेव्हापासून या ग्रुपवर दहाव्या पर्वाच्या तारखेचे दोन फॉरवर्ड आले आहेत. एकात डिसेंबर लिहिले आहे, दुसऱ्यात थेट पुढचा जून. मी आणि सून हा कार्यक्रम सुरुवातीपासून एकत्र बसून पाहतो. ती मार्चच्या पहिल्या आठवड्यात बाळंतपणासाठी माहेरी, नाशिकला जाणार आहे. त्याआधी नवे पर्व आम्हा दोघींना मिळून पाहता येईल का, हे कोणी नीट सांगू शकेल का?

बी-७०१
काकू, दोन्ही फॉरवर्ड बाजूला ठेवा. अमेरिकेतील मूळ कार्यक्रमाच्या आजवरच्या तारखा पाहिल्या तरी पुरेसे आहे. दुसरे पर्व ११ फेब्रुवारी २०२२ रोजी आले आणि तिसरे त्याच वर्षी १९ ऑक्टोबरला. चौथे २४ मार्च २०२३ आणि पाचवे २२ सप्टेंबर २०२३. सहावे १४ फेब्रुवारी २०२४ आणि सातवे २ ऑक्टोबर २०२४. आठवे पुन्हा १४ फेब्रुवारीलाच, २०२५ मध्ये, आणि नववे, म्हणजे डेन्व्हर शहरातल्या स्पर्धकांचे, १ ऑक्टोबर २०२५ ला. म्हणजे २०२२ ते २०२५ या चार वर्षांत दर वर्षी दोन पर्वे आली आहेत, त्यांतले एक बहुतेक वेळा व्हॅलेंटाइन डेच्या आगेमागे आणि दुसरे आपल्या दसरा-दिवाळीच्या सुमारास. डिसेंबरात किंवा जूनमध्ये अमेरिकी पर्व एकदाही सुरू झालेले नाही. त्यामुळे फेब्रुवारी २०२६ चा मध्य धरून चालावे, असे माझे स्पष्ट मत आहे.

बी-६०४
फॉरवर्डमधला घोळ कशामुळे होतो, तेही सांगते. याच नावाच्या ब्रिटन, जपान, ब्राझील, स्वीडन आणि जर्मनी येथील स्वतंत्र आवृत्त्या आहेत आणि त्यांचे वेळापत्रक वेगळे आहे. ब्रिटनचे पहिले पर्व ७ ऑगस्ट २०२४ ला आले, दुसरे १३ ऑगस्ट २०२५ ला. कोणीतरी एका देशाची बातमी दुसऱ्या देशाच्या नावावर खपवतो आणि ती पुढे पुढे जात राहते. तारीख वाचताना आधी निवेदक पाहावेत: निक आणि व्हेनेसा लशे असतील तर अमेरिका, मॅट आणि एमा विलिस असतील तर ब्रिटन.

बी-२०४
यात मला एक भर घालावीशी वाटते, कारण “नवे पर्व आणायला एवढा वेळ का लावतात?” ही तक्रार मी लिफ्टमध्येही ऐकली आहे. स्पर्धक ‘पॉड’ नावाच्या छोट्या खोल्यांत भिंतीच्या अलीकडे-पलीकडे बसून, चेहरा न पाहता, केवळ बोलण्यावरून साखरपुड्यापर्यंत येतात, मग पहिल्यांदा भेटतात, सहलीला जातात, आपल्या शहरात एकत्र राहतात, आणि काही आठवड्यांतच मांडवात उभे राहून ‘हो’ की ‘नाही’ ते सांगतात. हे सगळे झपाट्याने उरकते. वेळ जातो तो पुढे. पहिल्या पर्वातील लॉरेन स्पीड आणि कॅमेरॉन हॅमिल्टन यांचे लग्न नोव्हेंबर २०१८ मध्ये अटलांटात झाले, पण कार्यक्रम पडद्यावर आला तो १३ फेब्रुवारी २०२० रोजी. म्हणजे नवा संसार थाटून वर्ष उलटून गेले, तरी त्यांना तो चारचौघांत मिरवता येत नव्हता. ‘हो’ कोण म्हणाले, हे शेवटच्या भागापर्यंत झाकून ठेवावे लागते आणि त्यावरच सगळा खेळ उभा आहे.

माझ्या मते हे लांबलेले अंतर हीच या कार्यक्रमाची खरी ताकद आहे. मांडवातले ‘हो’ पाहून फारसे काही कळत नाही. रीयुनियनला तीच जोडपी पुन्हा समोर येतात तेव्हा मधल्या महिन्यांत घरभाडे, सासर-माहेर, नोकरी या सगळ्यांतून कोण टिकले ते दिसते. घाईने महिन्याभरात सगळे दाखवले असते तर आपण फक्त लग्नांचा व्हिडिओ पाहिला असता.

आणि वर्षाला दोन पर्वे कशी जमतात, असे कोणी विचारील, तर निर्माते एक पर्व दाखवून संपण्याची वाट पाहत नाहीत. शिकागोचे दुसरे पर्व आपण पाहत होतो तेव्हा डॅलसच्या तिसऱ्याचे चित्रीकरण होऊनही गेले होते.

बी-५०३
फार छान समजावून सांगितलेत. मग फेब्रुवारीच्या मध्यावर सुरू झाले तर मार्चच्या पहिल्या आठवड्यापर्यंत लग्नाचे भाग येतील का? सुनेला मुख्य उत्सुकता त्याचीच आहे.

बी-७०१
काठावरचे आहे, काकू. आठव्या पर्वाचे सहा भाग १४ फेब्रुवारीला एकदम आले, तेही आपल्याकडे दुपारी दीडच्या सुमारास, कारण कॅलिफोर्नियात तेव्हा मध्यरात्र असते. त्यानंतर दर शुक्रवारी पुढचे भाग येत गेले, लग्नाचा शेवटचा भाग ७ मार्चला आणि रीयुनियन ९ मार्चला आला. हाच क्रम राहिला तर पॉडमधले बोलणे, पहिली भेट, सहल आणि एकत्र राहणे इतके तुम्ही दोघी आरामात सोबत पाहाल. मांडवाचा भाग मात्र तिला बहुधा नाशिकहून पाहावा लागेल, तेव्हा फोन लावून दोघींनी एकाच वेळी सुरू करावा. नेटफ्लिक्सवर कार्यक्रमाच्या पानावर आठवण करून देण्याचे बटण दिसले की ते दाबून ठेवा, म्हणजे फॉरवर्डवर विसंबण्याची वेळच येणार नाही.

बी-५०३
ठीक आहे, तसेच करू. एक विनंती मात्र सर्वांना आतापासूनच करून ठेवते. नवे भाग आल्यावर किमान दोन दिवस तरी कोणाचे लग्न झाले आणि कोण मांडवातून परतले, हे या ग्रुपवर कृपया लिहू नये. सूनही या ग्रुपवर आहे आणि तिकडे तिला भाग पाहायला सवड केव्हा मिळेल, ते सांगता येत नाही.

बी-६०४
मान्य. ज्यांना लगेच बोलायचे असेल त्यांनी माझ्याकडे चहाला यावे.