डावखुरा-उजवा जोडी: वातानाबेचे कोणते सामने बघावेत आणि मधलं शटल कुणाचं?

लातूरकर_शटल:
बॅडमिंटनच्या जिल्हा स्पर्धेला पुरुष दुहेरीत एक डावखुरा आणि एक उजवा अशी जोडी लावलीय. एकेरीत दोघंही तयार आहेत. जोडीत मात्र मधे स्मॅश (वरून खाली जोरात मारलेलं शटल) आला की एकतर दोघंही रॅकेट घालायलेत, नाहीतर दोघंही सोडायलेत. जपानचा युता वातानाबे डावखुरा आहे आणि पुरुष व मिश्र दोन्ही दुहेरी खेळलाय, म्हणून त्याचे सामने पोरांना दाखवावेत म्हणतो. कोणते दाखवू? आणि मधल्या शटलचा नियम काय सांगू?

सर्व्हिस_लाईन (संभाजीनगर):
सगळे दाखवत बसू नका, पोरं कंटाळतील.

कामाचा एकच सांगायचा तर २०२० ची ऑल इंग्लंड (बॅडमिंटनची जुनी, मानाची स्पर्धा) फायनल. हिरोयुकी एन्दोबरोबर त्याने तेव्हाच्या अव्वल जोडीला, इंडोनेशियाच्या गिडिऑन-सुकामुल्जोला, २१-१८, १२-२१, २१-१९ असं हरवलं. एन्दो उजवा आणि वयाने त्याच्याहून दहा वर्षांनी मोठा. तुमच्या जोडीचा नमुना हाच. त्यात स्मॅश कुणी मारला ते सोडून द्या, बचावात दोघांचे पाय कुठे आहेत तेवढं बघायला सांगा.

२०२१ ला त्याने ऑल इंग्लंडची पुरुष आणि मिश्र अशी दोन्ही विजेतेपदं एकाच आठवड्यात घेतली. कागदावर ही सगळ्यात मोठी कामगिरी. पण त्या वर्षी चीन-कोरिया आले नव्हते, इंडोनेशियाचा संघ अर्ध्यातून बाहेर काढला गेला आणि दोन्ही फायनल जपानच्याच जोड्यांविरुद्ध झाल्या. शिकायला २०२० च बरी.

मिश्रमधे त्याची जोडीदार होती अरिसा हिगाशिनो. २०१८, २०२१, २०२२ अशी तीन ऑल इंग्लंड, २०२१ आणि २०२२ च्या जागतिक स्पर्धेत रौप्य, टोकियो आणि पॅरिस दोन्ही ऑलिम्पिकमधे कांस्य. टोकियोचं कांस्य हे मिश्र दुहेरीतलं जपानचं पहिलं ऑलिम्पिक पदक. टोकियोत एन्दोबरोबरची पुरुष जोडी मात्र उपांत्यपूर्व फेरीत तैवानच्या ली यांग-वांग ची-लिन या जोडीकडून हरली, आणि सुवर्णही त्याच जोडीने नेलं.

बॅकहँड_ग्रिप:
मधल्या शटलचं सांगतो. आधी खडूने कोर्ट आखून पोरांना उभं करून दाखवा, तोंडी सांगून डोक्यात जात नाही.

जाळीकडे तोंड. उजवा उजव्या अर्ध्यात आणि डावखुरा डाव्या अर्ध्यात असला की दोघांचे फोरहँड (रॅकेटच्या हाताची बाजू) बाहेरच्या रेघांकडे आणि दोघांचे बॅकहँड (उलटी बाजू) मधे. जागा बदलल्या की दोन्ही फोरहँड मधे, आणि रॅकेटी आपटतात त्या इथेच. दोन उजव्यांच्या जोडीत डाव्या अर्ध्यातल्याचा फोरहँड मधे येतो, म्हणून बहुतेक वेळा तोच घेतो. ती सवय इथे चालत नाही. हातावरून ठरवायचं सोडा, स्मॅश कुठून आला त्यावरून ठरवा.

ज्याच्या समोरच्या कोपऱ्यातून स्मॅश निघाला, त्याने फक्त सरळ रेघ आणि स्वतःचं अंग सांभाळायचं. तिरप्या बाजूला उभ्या असलेल्याने अर्धं पाऊल आत सरकायचं, मधलं शटल त्याचं. तिरपा स्मॅश जास्त अंतर कापून येतो, त्यामुळे आत सरकलेल्याला परत बाहेर जायला तेवढा वेळ मिळतो. सरळ बाजूच्याला तो मिळत नाही. तो मधे हात घालायला गेला की पुढचा स्मॅश रेघेवर बसलाच म्हणा.

सराव: समोरच्या बाजूला स्टुलावर उभं राहून २० शटल मारा, पाच या कोपऱ्यातून, पाच त्या कोपऱ्यातून असं आलटून पालटून. मग पोरांच्या जागा बदला आणि पुन्हा २०. बचावात अंगठा रॅकेटच्या मुठीच्या रुंद पट्टीवर सपाट आणि कोपर पोटाच्या पुढे. कोपर बरगडीला चिकटलं की रॅकेट फिरायला जागा उरत नाही, शटल मुठीवर आदळतं. दोघांचंही हे कोपर आधी तपासा, निम्म्या चुका तिथेच सापडतील.

फुलवाला_नांदेड:
वरचं सगळं मान्य, पण फूल (म्हणजे शटल) कोणतं वापरताय? पत्र्याच्या हॉलमधे मे महिन्यात ७७ नंबरचं (नंबर वेगाचा, जेवढा कमी तेवढं हळू) फूल मागच्या रेघेबाहेरच जायलंय. गरम हवा विरळ असते, आणि लातूर समुद्रसपाटीपासून पाचशे मीटरच्याही वर. उन्हाळ्यात ७६ नाहीतर ७५ घ्या, थंडीत ७७. तपासायची रीत: मागच्या रेघेवरून खालून पूर्ण जोरात, बाजूच्या रेघेला समांतर मारायचं. समोरच्या मागच्या रेघेच्या ५३ ते ९९ सेंटीमीटर अलीकडे पडलं तर फूल बरोबर. आपल्याकडच्या कोरड्या हवेत पिसं कडकड मोडतात. आदल्या रात्री डबा उघडून दहा-पंधरा सेकंद वाफेवर धरा आणि झाकून ठेवा. जास्त वाफ दिली तर फूल जड होऊन बसतं.

आणि डावखुऱ्याला एक सांगा. पिसं एकाच दिशेने एकमेकांवर चढवलेली असतात, म्हणून फूल ठरलेल्या बाजूलाच फिरतं. उजव्याचा कट (रॅकेट तिरकी घासून मारलेला फटका) जसा पडतो तसा त्याचा पडणार नाही. उजव्याला दाखवलेला ड्रॉप (जाळीलगत अलगद टाकलेलं शटल) त्याला तसाच्या तसा घोटून घेऊ नका.

लातूरकर_शटल:
आभार सगळ्यांचे. त्याच डावखुऱ्याला मिश्रमधेही उतरवायचंय. मुलीला जाळीवरच ठेवावं ना?

सर्व्हिस_लाईन (संभाजीनगर):
तिचा स्मॅश कसा आहे त्यावर आहे, सर. हिगाशिनो मागून जोरात मारायची. ती मागे गेली की वातानाबे बाजूला रेंगाळायचा नाही, थेट पुढे जायचा आणि पुढचं कोर्ट एकटा सांभाळायचा. त्याची उंची १६७ सेंटीमीटरच्या आसपास, तरी जाळीजवळ त्याच्यापुढून शटल सुटणं अवघड. यासाठी २०१८ ची ऑल इंग्लंड फायनल लावा. चीनच्या झेंग सिवेई-हुआंग याचिओंगविरुद्ध पहिला गेम १५-२१ गेला, मग २२-२०, २१-१६.

मुलगी मागून मारायलीय आणि मुलगा तिच्या शेजारी उभा, ही जिल्हा पातळीवरची नेहमीची चूक. तिने मारायला रॅकेट उचलली की त्याने निघायचं. थांबायची जागा पुढच्या सर्व्हिस रेघेच्या एक पाऊल मागे, म्हणजे जाळीपासून साधारण अडीच-पावणेतीन मीटर, रॅकेट जाळीच्या पट्टीच्या वर. त्याहून पुढे चिकटला तर ड्राइव्ह (सपाट जोराचा फटका) डोक्यावरून मागे जाईल आणि तिलाच दोन्ही कोपरे पळावे लागतील.