आजी भित्री होती का? माळ्यावरच्या आरशावरून पेटलेला वाद

पर्वरीचा गोष्टकार
माझी आरशाची गोष्ट ज्यांनी वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: जुन्या घराच्या माळ्यावर एक आरसा सापडतो. त्यात घडून गेलेलं दिसत नाही. घडू शकलं असतं ते दिसतं, आणि पुढे घडू शकेल तेही. यातलं खरं काय ठरणार, हे आरसा सांगत नाही. नातू रोज पाहतो. आजी एकदाही पाहत नाही. माझं मत ठाम आहे, आजी भित्री आहे. दुसरी वाट कुठे जात होती हे पाहिल्याशिवाय आपल्या वाटेची किंमत कशी कळणार? असा आरसा मिळाला तर प्रत्येकाने पाहिलंच पाहिजे.

वाडेची लेक, सांगे
"भित्री" हा शब्द वाचून रात्रभर डोळा लागला नाही, म्हणून लिहिते. माझी आजी कुर्डीची. साळावली धरणाच्या पाण्याखाली गेलं ते कुर्डी, गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं कुर्डी. आम्हाला पुनर्वसनात वाडेला जमीन मिळाली. दर मे महिन्यात पाणी उतरतं आणि गाव वर येतं. भेगाळलेला चिखल, घरांची जोती, माडांचे बुंधे, सोमेश्वराचं देऊळ. लोक उत्सवाला जातात, ओळखीच्या जागा शोधतात. आजीही पहिली काही वर्षं गेली. जोत्यावर उभी राहून दाखवायची, इथे चूल, इथे न्हाणी, इथे तुळस. मग एका वर्षी म्हणाली, "घर गेलं ते एकदा गेलं. दरवर्षी परत कशाला घालवू?" त्यानंतर गेली नाही.

म्हणजे आरसा आमच्याकडे होताच, वर्षातून महिनाभर उघडायचा. तिने त्यात पाहिलं आणि मग पाहणं थांबवलं. तुमच्या आरशात तिला न बुडालेली कुर्डी दिसली असती. कुळागराला, पोफळीच्या बागेला, पाणी चाललंय, परसात मिरच्या वाळताहेत. आणि ते पाहून संध्याकाळी तिला वाडेच्या घरीच परतायचं होतं. ते दुःख तुमचा नातू काढणार होता का?

मडगावकर
ताई, आजीबद्दल आदर आहे. पण त्याच आरशात धरण न झालेलं मडगावही दिसेल. दक्षिण गोव्याच्या नळांना साळावलीचं पाणी येतं. माझी आई लहानपणी विहिरीवरून कळशा वाहायची, मी नाही वाहिल्या. हेही पाहायला नको?

वाडेची लेक, सांगे
भाऊ, ज्यांचं गाव त्या पाण्यात गेलं ते आम्ही वसाहतीत टँकरची वाट पाहत बादल्या लावून बसलोय. हे पाहायला आरसा कशाला, उन्हाळ्यात इकडे या.

फोंड्याची सून
आपल्याकडे यासाठी कौल आहे. आमच्या देवळात देवाला पाकळ्या लावतात. उजवी पडली की होय, डावी पडली की नाही. एक प्रश्न, एक उत्तर, विषय संपला. मला दोन स्थळं आली होती, एक मुंबईचं, एक इथलं. वडिलांनी कौल घेतला, इथल्याला उजवा मिळाला. २६ वर्षं झाली, त्या मुंबईच्या घराने मला कधी छळलं नाही. आरसा असता तर प्रत्येक भांडणानंतर मी त्याच्यापुढे जाऊन उभी राहिले असते.

पेडण्याचे आजोबा
कौलाचा विषय निघाला म्हणून बोलतो. माझ्या आयुष्यातला सर्वांत मोठा कौल १६ जानेवारी १९६७ चा, गोव्याने महाराष्ट्रात जायचं की वेगळं राहायचं याचा जनमत कौल. माझं ते पहिलं मत. विलीनीकरणाला फूल, संघप्रदेशाला दोन पानं. मी फुलाला दिलं. पानांना १,७२,१९१ आणि फुलाला १,३८,१७०. मला तो आरसा द्या, मी खुशाल पाहीन. महाराष्ट्रात गेलेला गोवा पाहायचाय मला. माझ्या मुलांची मराठी शाळा त्यात बंद पडली नसती.

मडगावकर
आजोबा, मग पुढचंही पाहा. त्या गोव्याचं १९८७ मध्ये राज्य झालं नसतं. मुंबईच्या मंत्रालयात आपलं कोण ऐकणार होतं? महाराष्ट्राच्या टोकाचा एक जिल्हा झालो असतो. माझ्या वडिलांनी दोन पानांना मत दिलं, आणि मला त्याचा अभिमान आहे.

पेडण्याचे आजोबा
अभिमान ठेवा. मराठी बोलणाऱ्याला घरातच पाहुणा केलंत, तेही ठेवा. आणि भाऊसाहेब बांदोडकर फुलाच्या बाजूचे, तरी कौल हरल्यावर त्याच वर्षी लोकांनी त्यांनाच पुन्हा मुख्यमंत्री केलं. लोकांच्या मनात काय होतं, हे निव्वळ मोजणीतून कळत नाही!

मडगावकर
३४,०२१ चा फरक मोजणीतूनच कळतो. आणि पाहुणा कुणी केलं? मी आत्ता तुमच्याशी मराठीतच भांडतोय.

फोंड्याची सून
अहो, आजीला विसरलात तुम्ही दोघं.

वाडेची लेक, सांगे
विसरू दे. पण आजोबा, एक विचारते. आरशात तुमचा महाराष्ट्रातला गोवा दिसला, शाळा भरलेली दिसली. मग आरसा खाली ठेवून दुसऱ्या दिवशी काय कराल?

पेडण्याचे आजोबा
(दोन तासांनी) बाय, तुझ्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही. परत पाहीन बहुतेक. रोज पाहीन. त्या नातवासारखा. तुझी आजी भित्री नव्हती, एवढं मान्य. फुलाबद्दल माझं मत बदललेलं नाही.

पर्वरीचा गोष्टकार
"भित्री" मागे घेतो, शब्द चुकला. पण प्रत्येकाने पाहावं हे अजून म्हणतो. तुमच्या आजीनेही नकार देण्याआधी पाहिलं होतंच ना? माझ्या गोष्टीतली आजी न पाहताच नाही म्हणते, तिथे काहीतरी कमी पडतंय. तिने तरुणपणी एकदा पाहिलं होतं, असं करू का?

वाडेची लेक, सांगे
करा. आणि तिला आरशात राजवाडा दाखवू नका. न्हाणी दाखवा, पाणी तापत ठेवलेली.