मराठवाड्यात कयाक: ‘वाळूत चालवणार का?’ विचारणाऱ्यांना उत्तर

पूर्णाकाठचा:
परवा दुसऱ्या धाग्यावर मी एवढंच विचारलं होतं, की परभणी-हिंगोली-नांदेडकडं कयाक (वल्ह्यानं चालवायची अरुंद, हलकी नाव) चालवणारं कुणी असेल तर पावसाळा सरता सरता पूर्णेवर एक फेरी करू. त्यावर एका सदस्यानं लिहिलं, "मराठवाड्यात प्यायला पाणी नाही आणि हे कयाक कुठं चालवणार, वाळूत? नदी बघायची तर कोलाडला या." खाली दात काढणारे वीसेक जण. त्यातले निम्मे आपल्याचकडचे, याचं जास्त लागलं.

रायगड जिल्ह्यात कुंडलिकेवरच्या कोलाडला मी चार वेळा जाऊन आलोय. राफ्टमध्ये बसून आरडाओरडा करायला नाही, कयाक शिकायला. पहिल्याच दिवशी नाव पालथी झाली. डोकं खाली, नाकात पाणी, कमरेभोवती स्प्रे स्कर्ट (नावेत पाणी शिरू नये म्हणून बसायच्या जागेवर ताणून लावायचं कापड) आवळलेला आणि त्याची पुढची पट्टी हाताला सापडेना. दोन-तीन सेकंदच असतील. पट्टी लागली, ओढली, सुटलो. त्या पाण्याबद्दल मला आदरच आहे. पण ते पाणी कुठलं? उन्हाळ्यात कुंडलिका वाहते ती भिऱ्याच्या वीजगृहातून पाणी सुटतं म्हणून. आणि भिऱ्याला ते येतं मुळशी धरणातून. म्हणजे मूळचं पूर्वेकडं भीमेला मिळणारं, डोंगरापलीकडं वळवून कोकणात उतरवलेलं. याच मुळशीसाठी १९२१ साली सेनापती बापटांनी सत्याग्रह केला होता. वीजगृह बंद ठेवा, मे महिन्यात तिथंही गोटेच दिसतील.

आता आपलं बघा. पूर्णेवरच्या येलदरी धरणाला २२.५ मेगावॉटचं वीजगृह आहे. ते चाललं की पूर्णेत पाणी येतं आणि खाली सिद्धेश्वरला साठतं. पैनगंगेवर इसापूर धरण आहे, त्याच्या खाली सहस्रकुंडचा धबधबा. गोदावरीवरच्या जायकवाडी धरणाचा नाथसागर भरला की ५५ किलोमीटर लांब आणि २७ किलोमीटर रुंद. गेल्या सप्टेंबरात आम्ही तिघं दोन कयाक घेऊन पूर्णा गावाच्या अलीकडून कंठेश्वरच्या संगमापर्यंत गेलो. काठावर एक आजोबा बैल धूत होते. त्यांनी हाताचा आडोसा करून बराच वेळ बघितलं आन् विचारलं, "कुण्या गावची नाव म्हणायची ही? हितं नाव बघून चाळीस वर्षं झाली."

चाळीस वर्षं! पुलावरून फुलं टाकणारे आहेत, दशक्रियेला येणारे आहेत, वाळू उपसणारे तर रात्रंदिवस आहेत. नदीत उतरून तिच्या बाजूनं बोलणारा माणूसच आपल्याकडं उरला नाही. माझं म्हणणं एवढंच आहे.

मांजराथडी:
दादा, तुमचा उत्साह कळतो. पण हे लातूरच्या माणसापुढं बोलू नका. २०१६ च्या एप्रिलात मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं तेव्हा मी बारावीची परीक्षा देऊन घरी बसलेली. दिवसभर एकच काम, घागरींचा नंबर धरायचा. धनेगावला मांजरा धरणाच्या तळाला भेगा पडलेल्या मी माझ्या डोळ्यांनी बघितल्यात, एका भेगेत माझी चप्पल अडकली होती. आता तिथं पाणी आहे म्हणून त्यात खेळायचं, हे माझ्या मनाला येत नाही. कधीच येणार नाही.

पूर्णाकाठचा:
ताई, नाव पाणी पीत नाही. येलदरीतून सुटलेलं पाणी मी त्यावरून गेलो काय न् नाही गेलो काय, सिद्धेश्वरला तेवढंच पोचतं.

मांजराथडी:
हिशोब मलाही येतो. मी मनाचं बोलतेय.

मुळाकाठ:
नगर जिल्ह्यातून लिहितोय. पाणी पीत नाही म्हणता ना? मग पाऊस कमी झाला की आमच्या मुळा-भंडारदऱ्याचे दरवाजे उघडायला लावता ते कशासाठी? बरंच पाणी वाटेतल्या वाळूतच मुरतं. आमची उभी पिकं वाळवून नाथसागर भरायचा आणि त्यावर तुम्ही होड्या फिरवायच्या. आमच्या गावात हे वाचून दाखवलं तर लोक काय म्हणतील याचा विचार करा.

आपेगावकर:
मुळाकाठ, तुम्ही मध्ये आलात ते बरं झालं. समन्यायी पाणीवाटपाचा कायदा २००५ चा आहे, आम्ही घरी बसून केलेला नाही. मेंढेगिरी समितीनं सूत्र दिलं, १५ ऑक्टोबरला जायकवाडीत ६५ टक्के पाणी नसेल तर वरून सोडायचं. ते न्यायालयात टिकलं. जायकवाडीची पायाभरणी १९६५ ची. त्यानंतर तुम्ही वर धरणामागून धरण बांधत गेलात, खाली काय येतंय ते कुणी बघितलं नाही. पाणी वाळूत मुरतं म्हणता, मग सप्टेंबरातच सोडा, नदी वाहती असताना. तेव्हा का हात आखडतो?

मुळाकाठ:
आणि तुमच्या कालव्यावर काय पिकतं? ज्वारी? जायकवाडीच्या लाभक्षेत्रात ऊस किती आहे ते एकदा फिरून बघा. मी बघितलाय, माझी बहीण दिली आहे तिकडं.

पूर्णाकाठचा:
या विषयावर मला यायचं नव्हतं, पण उसाचं काढलंत म्हणून बोलतो. जायकवाडीचा डावा कालवा २०८ किलोमीटरचा, पार परभणीपर्यंत. आमची जमीन त्याच्या शेपटाला. वडिलांनी पाण्याचा अर्ज भरायचा, पाळी लागायची, आणि वरच्या लोकांच्या उसातून उरलेलं पाणी आमच्या चारीत कधी येई, कधी नाही. चारीत आम्ही लहानपणी क्रिकेट खेळलोय. त्यामुळं उसाच्या बाबतीत तुम्ही खरं बोलताय, हे मला मान्य करावं लागतंय. पण म्हणून वरचे धुतल्या तांदळासारखे होत नाहीत. तुमच्याकडं काय फुलशेतीच आहे का?

आपेगावकर:
पूर्णाकाठचे, तुम्ही आपल्याच माणसाच्या विरोधात साक्ष देताय. टोकाला पाणी जात नाही याला ऊस एकटा जबाबदार नाही. कालव्याचं अस्तर बघितलंय का? जागोजागी फुटलंय. ऊस बंद करून आमच्या पोरांनी करायचं काय? सोयाबीनच्या भावात घर चालतं का?

मांजराथडी:
बघा. नावेवरून निघाला धागा आणि उसात जाऊन अडकला. आमच्या लातूरची सभा असो की लग्न, शेवट इथंच होतो. आणि तरी मी म्हणेन, खरा प्रश्न हाच आहे, नाव नाही.

नाथसागर_भोई:
राम राम मंडळी. मी लिहिणाऱ्यातला नाही, पुतण्या मोबाईलवर टाइप करायलाय. आम्ही पिढीजात मासेमारीवाले. "नदीत उतरणारा माणूस उरला नाही" हे वाचून वाईट वाटलं. आम्ही काय मेलो का साहेब? रोज पहाटे चारला पाण्यावर असतो. आमच्याकडं तुमच्यासारखी रंगीत नाव नाही. थर्माकोलचे तुकडे पोत्यात घालून बांधतो, कुणाकडं ट्रकची ट्यूब. फुगवट्याच्या पलीकडची लेकरं तर त्याच थर्माकोलवर बसून शाळेला जातात, पेपरात फोटो आले होते. कुणाला ते धाडस वाटत नाही, कारण त्यात हौस नाही.

नाथसागराचं पक्षी अभयारण्य झालं १९८६ ला, तेव्हापासून आम्हाला हे करू नका, ते करू नका. आता तरंगत्या सौर पॅनेलचं चाललंय. मागच्या साली शहरातून काही पोरं फुग्याच्या नावा घेऊन आली. माझं जाळं वल्ह्यात गुंतलं, तर कापून काढलं आणि निघून गेली. आठ दिवसांची विणकाम-दुरुस्ती. "सॉरी काका" म्हणाली.

आणि एक ऐका. नाथसागरात दुपारी बाराच्या पुढं वारं सुटतं. लाटा तीन-तीन फूट. खडकातली लाट जागेवर राहते, ही पाठीमागून येते. तुमचं कोलाडचं शिक्षण तिथं कामाला येत नाही.

पूर्णाकाठचा:
काका, चुकलं माझं. ते वाक्य मी लिहायला नको होतं. जाळ्याचं वाचून लाज वाटली, ती पोरं माझ्यासारखीच कुणीतरी असतील. लाटेचंही बरोबर आहे. वाहत्या पाण्यात खडक जागेवर असतो, म्हणून लाट जागेवर असते, आपण तिच्यातून जातो. तलावावर वारा लाट घेऊन अंगावर येतो. सपाट पाण्याची कयाक लांब असते, आमची आखूड. तुमच्याकडं येऊन शिकायची माझी तयारी आहे, खरंच.

सिंदफणेची_लेक:
मी तीन दिवस वाचतेय, लिहू की नको करत होते. माझा मामेभाऊ सिंदफणेच्या कोल्हापुरी बंधाऱ्यावर गेला. तेवीस वर्षांचा. पट्टीचा पोहणारा. परतीच्या पावसात बंधाऱ्यावरून गुडघाभर पाणी चाललं होतं. पलीकडं जाताना पाय घसरून खालच्या अंगाला पडला. पंधरा-वीस माणसं काठावर उभी. सगळ्यांना दिसत होता. वर यायचा, हात मारायचा, आणि पाणी त्याला परत भिंतीकडं ओढायचं. पुन्हा खाली, पुन्हा वर. कुणी दोर आणायला गावात पळालं. दोर आला तेव्हा तो दिसायचा बंद झाला होता. गावात अजून म्हणतात, तिथं काहीतरी आहे, ते ओढून नेतं.

तुम्ही इथं नावांचे फोटो टाकाल, बघून गावातली पोरं उतरतील. त्यांच्याकडं ना हेल्मेट ना जॅकेट. म्हणून माझा विरोध. पाण्याच्या वाटणीचं मला काही सांगू नका.

बर्गे_आणि_गाळे:
पाटबंधाऱ्यात शाखा अभियंता होतो, आता निवृत्त. ताई, तुमच्या भावाचं वाचून थोडा वेळ काही सुचलं नाही. तिथं काहीही नाही, हे मात्र तुम्हाला कळलंच पाहिजे. भिंतीवरून पडणारं पाणी थेट तळाला जातं, थोडं पुढं जाऊन वर येतं, आणि त्यातलं काही वरच्या अंगानं उलट भिंतीकडं वळतं. गोल चक्कीच म्हणा. पडलेलं लाकूडसुद्धा तिथं तासन्‌तास फिरत राहतं. वर त्या फेसाळ पाण्यात हवा भरलेली, माणूस नेहमीसारखा तरंगत नाही. पोहणाऱ्याची काही चूक नसते.

पावसाळ्याआधी बर्गे (बंधाऱ्याच्या खांबांमधल्या गाळ्यांत पाणी अडवायला बसवायच्या फळ्या) काढायचे आणि पाऊस सरला की बसवायचे हा नियम. बर्गे काढलेले असले की पाणी गाळ्यांमधून निघून जातं, ती उलटी चक्की मोडते. पण काढायला माणसं नसतात, किंवा पाणी अडावं म्हणून लवकर बसवतात आणि परतीचा पाऊस येतो. मी हे वर लिहून कळवलं आहे, एकदा नाही. कागद कुठं गेले मला माहीत आहे, पण इथं सांगत नाही.

पूर्णाकाठचे, तुम्हालाही सांगतो. मोकळे गाळेही नावेला वाईट. खांबाला बाभळीच्या फांद्या अडकलेल्या असतात. पाणी त्यातून जातं, माणूस जात नाही. गोदावरीवर पैठणच्या खाली आपेगाव, हिरडपुरीपासून बंधाऱ्यांची रांगच आहे. नदीचा उतार किलोमीटरला अर्धा मीटरही नाही. खळाळ शोधायला जाल तर तो बंधाऱ्याच्या पायथ्यालाच सापडेल, आणि तिथंच जायचं नाही.

पूर्णाकाठचा:
काका, आम्हाला शिकवताना पहिल्या दिवशी हेच सांगितलं होतं. पुढं नदीची रेष एकदम सरळ कापल्यासारखी दिसली की काठाला लागायचं, उतरून बघायचं, नाव खांद्यावरून न्यायची. पूर्णेवर आम्ही दोन ठिकाणी तसंच केलं. पण वर लिहिताना मी फक्त आजोबा आणि बैल लिहिले, बंधारे लिहिले नाहीत. ते लिहायला पाहिजे होते.

ताई, मी तुमच्याशी वाद घालणार नाही. एकच सांगतो, वाटलं तर वाचा. कयाकवाल्यांत नाव नंतर येते, आधी दोर येतो. प्रत्येकाच्या कमरेला किंवा नावेत एक पिशवी असते, तिच्यात दोर नुसता कोंबलेला, गुंडाळलेला नाही. एक टोक हातात धरायचं आणि पिशवी बुडणाऱ्याच्या डोक्यावरून पलीकडं फेकायची, दोर आपोआप सुटत जातो. काठावर उभं राहून. पाण्यात कुणी उडी मारायची नाही. त्या पंधरा-वीस जणांपैकी एकाजवळ ती पिशवी असती तर काय झालं असतं हे मी म्हणत नाही, तो अधिकार मला नाही.

मुळाकाठ:
पाण्याबद्दलचं माझं मत कायम आहे. पण आमच्या प्रवरेवरही असे बंधारे आहेत. त्या पिशवीचं मी गावात सांगतो.

आपेगावकर:
सप्टेंबरात पाणी सोडायचं तेही सांगा.

नाथसागर_भोई:
पूर्णाकाठचे साहेब, यायचं तर पहाटे पाचला या. दहाच्या आत काठाला लागायचं. जाळी कुठं टाकलीत ते मी आधी दाखवीन. पक्षी बसलेले असतील तिकडं जायचं नाही.

सिंदफणेची_लेक:
नाव मला नको आहे. माझं मत बदललेलं नाही.
दोराचं सांगा. कसला, किती लांब?

पूर्णाकाठचा:
ताई, तरंगणारा हवा, पॉलिप्रॉपिलीनचा. नायलॉनचा घेऊ नका, तो बुडतो. लांबी वीस मीटर पुरते. रंग पिवळा किंवा भगवा, पाण्यात दिसेल असा. बोटाएवढा जाड, म्हणजे ओल्या हातातून निसटत नाही. पिशवी घरीसुद्धा शिवता येते, तळाला थर्माकोलचा तुकडा घालायचा.

सिंदफणेची_लेक:
बंधाऱ्यावर टांगला तर आठवड्यात कुणीतरी म्हैस बांधायला नेईल. शाळा बंधाऱ्यापासून जवळ आहे, गुरुजींकडं ठेवते. फेकायचं शिकवायला कुणी येईल का?

पूर्णाकाठचा:
येतो. नाव आणत नाही.