आठवीच्या शाब्दिक उदाहरणांसाठी पुस्तक सुचवा (बजेट ३०० रु.)

चिपळूणची_आई:
नमस्कार मंडळी. मुलगी आठवीत, मराठी माध्यम. समीकरण मांडून दिलं की पटापट सोडवते, पण तेच शाब्दिक उदाहरणात आलं की पेन खाली, "आई, सुरुवात कुठून करू?" शाळेत एका चलातील समीकरणं झाली पण शाब्दिक उदाहरणं घाईत उरकली. पुस्तक सुचवा, ३०० पर्यंत. क्लास नको, संध्याकाळची एसटी चुकली तर ती अडकते. मोबाईल घरात एकच, तो दिवसभर माझ्याकडे असतो.

रत्नागिरीकर७७:
क्लासच लावा हो. आमच्या चिरंजीवांना लावला, फी भरपूर आहे पण शिष्यवृत्तीला चमकला. एसटीचा प्रश्न असेल तर रत्नागिरीत कोणा नातेवाईकाकडे ठेवा सरळ.

काजूगर:
टॅब घ्या, दहा-बारा हजारात चांगला मिळतो. आमची ताई त्यावरच शिकली.

मालवणी_झील:
गो बाय, टॅब-बिब काय घेव नको. झिलासाठी एका ॲपचा वर्षाचा पॅकेज घेतलंय, विकूक इलेलो माणूस गोड बोललो, आता फोनच उचलणा नाय. पैसे परत मागून मागून दमलंय.

दापोलीच्या_बाई (निवृत्त):
ताई, टॅब, क्लास सगळं राहू दे. मुलीला समीकरण सोडवता येतंय म्हणजे अर्धं काम झालेलं आहे, अडतंय ते वाक्यातून समीकरण काढताना. वयाचं एक उदाहरण घ्या. आज आईचं वय मुलाच्या तिप्पट आहे, १२ वर्षांनी दुप्पट होईल. आधी पूर्ण वाक्य लिहायला लावा: "मुलाचे आजचे वय क्ष वर्षे मानू." नुसतं "क्ष = मुलगा" अजिबात चालवून घेऊ नका, कारण मग क्ष म्हणजे आजचं वय की १२ वर्षांनंतरचं हेच मुलं विसरतात. मग दोन रकाने पाडा, आज आणि १२ वर्षांनी. मुलगा क्ष, मग क्ष + १२. आई ३क्ष, मग ३क्ष + १२. आता समीकरण: ३क्ष + १२ = २(क्ष + १२). क्ष = १२, आई ३६. बारा वर्षांनी २४ आणि ४८, बरोबर दुप्पट. कंस विसरून २क्ष + १२ लिहिलं तर क्ष शून्य येतो, म्हणजे मायलेक दोघांचंही वय शून्य! म्हणून ताळा समीकरणात करायचा नाही, चुकीच्या समीकरणातही तो जुळतो. ताळा मूळ वाक्यात करायचा. आणि सोडवलेली गाईडं आणू नका, मुलं उत्तर बघून उलटी मांडणी करतात.

काजूगर:
क्ष हवाच कशाला? दोन पेट्यांत मिळून १०८ आंबे, एकीत १२ जास्त. १२ बाजूला काढा, राहिले ९६, निम्मे ४८. झालं, एक पेटी चार डझनी, एक पाच डझनी. आमच्याकडे चौथीतलं पोरगं तोंडी सांगतं.

देवगडचा_बागायतदार:
हे घ्या, बरोबरीच्या पेटीत चार डझन बसले म्हणजे फळ मोठं, पाच डझन म्हणजे लहान, दोघांचा भाव वेगळा लागतो. गणितात तेवढं कोण बघत नाही.

रत्नागिरीकर७७:
भावाचं काढलंत तर रत्नागिरीच्या फळाला तोड नाही.

दापोलीच्या_बाई (निवृत्त):
आंब्याचं भांडण दुसऱ्या धाग्यावर. काजूगर, तोंडी जमतं ते करू दे ना, पण मग तेच लिहून दाखवायचं, क्ष + क्ष + १२ = १०८. अनोळखी संख्या दोन्ही बाजूंना आली की नुसत्या तोंडी हिशेबावर भागत नाही.

वेंगुर्लेकर:
बालभारतीची पुस्तकं त्यांच्या साईटवर पीडीएफ फुकट आहेत, आधी त्यातले सरावसंच पुरे करा. आणि एक बघा, "खुर्च्या टेबलांच्या चौपट" दिलं की मुलं सरळ ४ख = ट लिहून मोकळी होतात, जसं वाचलं तसं. तेव्हा तीन टेबलं घालून बघायला सांगा, खुर्च्या बारा यायला हव्यात, म्हणजे ख = ४ट. बाकी बाईंनी सांगितलंय तेच, क्ष कशासाठी मानला ते आधी लिहा. आणि जमलं तर क्लासचं पण बघा.

चिपळूणची_आई:
सगळ्यांचे आभार. बाईंचं वयाचं उदाहरण रात्री दिलं, तिने अगदी तोच कंस खाल्ला, शून्य आलं तेव्हा स्वतःच "असं कसं?" म्हणाली आणि मागे जाऊन शोधून काढलं. मला फार बरं वाटलं. पण बाई, रागावू नका, मी गाईडच घेतेय, बाजारात २२० ला मिळतंय. तुमचं म्हणणं पटतंय, पण मी कामावरून उशिरा येते आणि मला स्वतःला दहावीनंतर गणित नाही, तिचं बरोबर की चूक हे सांगायला मला काहीतरी हातात हवं. उत्तरांची पानं वेगळी काढून माझ्या कपाटात ठेवणार आहे. होडी आणि प्रवाहाची उदाहरणं कोणाला सोपी करून सांगता येतील का? त्यात मीच अडकते.