कुत्री व्यायला लागल्यावर डॉक्टरकडे कधी पळालात? अनुभव लिहा

परवा आमची लॅब्राडोर व्याली, जीव टांगणीला लागला होता म्हणून धागा काढतेय. संध्याकाळपासून धापा टाकणं, गोधडी उकरणं सगळं चालू, आम्ही वाट बघत बसलो. नऊला हिरवंकाळं पाणी गेलं, पिल्लू एकही नाही. मला वाटलं पाणमोट फुटली, सासूबाई म्हणाल्या अगं पाण्याला असा रंग नसतो, ऊठ आधी. डॉक्टर तेच म्हणाले, पहिल्या पिल्लाआधी हिरवं म्हणजे वार (पोटात पिल्लाला पोसते ती) सुटायला लागली. सिझेरियन झालं, सहातली पाच वाचली. तुमचं लिहा, अर्धवट असलं तरी चालेल.

—

हिरवं बघून मीपण रिक्षा काढलेली, पण तोवर दोन पिल्लं झाली होती. एक झाल्यावर तो रंग नॉर्मल असतो म्हणे. डॉक्टर हसले, फी मात्र घेतली.

—

आमची गावठी, गोठ्यातच व्याली. तिसऱ्यानंतर दीड तास काही नाही पण निवांत पडून पिल्लं चाटत होती, कळा नव्हत्या, मग थांबलो, पुढची दोन आपोआप झाली. गुरांचे डॉक्टर फोनवर म्हणालेले, पोटात पिल्लू आहे आणि दोन तास उलटले तर आणा, पण जोरात कळा देतेय आणि अर्ध्या तासात काही नाही तर लगेच निघा.

—

आम्ही त्या अर्ध्या तासातच घोळ घातला. शेजारच्यांनी कळा वाढवायचं ऑक्सिटोसिनचं इंजेक्शन आणूनही दिलं. नशीब टोचलं नाही, पिल्लू आडवं होतं, गर्भपिशवी फाटू शकली असती.

—

पगवाल्यांनो, डोकी मोठी असतात, आधीच डॉक्टर ठरवून ठेवा. गाभण राहिल्यापासून ५५ दिवसांनंतर एक्स-रे काढला, चार दिसली, म्हणून तर ती तीनवर थांबली ते कळलं. आणि थर्मामीटर घ्या, अंगाचं तापमान ९९ फॅरनहाइटच्या खाली गेलं की साधारण २४ तासांत सुरू होतं, नाही झालं तर फोन करा.

—

व्याल्यानंतरचं कोणीच लिहिलं नाही. आमची पॉमेरेनियन, पिल्लं तीन आठवड्यांची, अंगावर पीत होती. अचानक हिचे पाय ताठ, थरथर, अंग भट्टीसारखं. आईने थंडी वाजतेय म्हणून शाल घातली!! कॅल्शियम उतरलं होतं, शिरेतून हळूहळू दिलं तेव्हा उभी राहिली. गंमत म्हणजे गाभण असताना मी रोज कॅल्शियमच्या गोळ्या चारत होते, डॉक्टर म्हणाले तेच नडलं, शरीर स्वतःचं काढायचं विसरतं.