हैतीची क्रांती: वाचन कुठून सुरू करावं?

माणदेशी वाचक:
‘गुलामगिरी’च्या (१८७३) अर्पणपत्रिकेत जोतीरावांनी गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या अमेरिकेतल्या लोकांचा गौरव केलाय. तेव्हापासून मनात आहे की, गुलामांनी स्वतःच उठाव करून मुक्ती मिळवली, त्याबद्दलही वाचावं. हैतीबद्दल भूकंप आणि गरिबी एवढंच कानावर असतं. इंग्रजी चालेल, पण फार जड नको. जाणकारांनी कृपया सुचवावं.

ऊसपट्टा:
सी. एल. आर. जेम्स यांचं ‘द ब्लॅक जॅकोबिन्स’ (१९३८) आधी घ्या, दुसरं काही नको. जेम्स त्रिनिदादचे, क्रिकेटवरचं ‘बियाँड अ बाउंड्री’ त्यांचंच. ऑगस्ट १७९१ मध्ये सँ-दोमँग (आजचं हैती) या फ्रेंच वसाहतीत उसाचे मळे पेटले, तिथपासून १ जानेवारी १८०४ च्या स्वातंत्र्यघोषणेपर्यंतची ही कहाणी आहे. उसाच्या मळ्यांवर शेकडो माणसं एकत्र राबत, त्यामुळे ती आधुनिक कामगारवर्गाच्या जवळची होती, हा जेम्स यांचा मुद्दा आपल्या भागातल्या वाचकाला लगेच पटेल. कॅरिबियनमधल्या चरकांपाशी कुऱ्हाड ठेवलेली असे. ऊस सारताना हात सापडला, की तो तोडून माणूस सोडवायचा. बंड का झालं, हे वेगळं सांगावं लागत नाही.

रात्रपाळी:
जेम्स यांना अनुमोदन. पण त्यात क्रांतीचा नेता तूसँ लूव्हर्त्यूर फार मोठा होतो आणि बाकीचे मागे पडतात, असं माझं मत. म्हणून लगेच मिशेल-रॉल्फ त्रुइयो यांचं ‘सायलेन्सिंग द पास्ट’ (१९९५) वाचाच. सान्सूसी नावाच्या आफ्रिकेत जन्मलेल्या कर्नलवर त्यात एक प्रकरण आहे. १८०२ मध्ये तूसँचे सेनापती फ्रेंचांना शरण गेले, तरी हा लढत राहिला. पुढे तूसँच्याच एका सेनापतीने, क्रिस्तोफने, त्याला मारवलं. नंतर राजा झालेल्या त्याच क्रिस्तोफने बांधलेल्या राजवाड्याचं नाव सान्सूसी! छोटं पुस्तक आहे, पण इतिहासातून माणसं कशी गाळली जातात ते इतकं नेमकं मी दुसरीकडे वाचलेलं नाही.

माणदेशी वाचक:
दोन्ही मागवतो. स्वातंत्र्यानंतर देश इतका गरीब का राहिला?

रात्रपाळी:
कारणं बरीच आहेत, पण १८२५ चं कर्ज आधी समजून घ्या. फ्रान्सने युद्धनौका पाठवून मान्यतेच्या बदल्यात १५ कोटी फ्रँक मागितले, माजी मळेवाल्यांची भरपाई म्हणून. १८३८ मध्ये रक्कम ९ कोटींवर आली. हप्ते भरायला पुन्हा फ्रेंच बँकांकडूनच कर्ज. मुक्त झालेल्यांनीच मालकांना पैसे मोजले. मला याचा अजून संताप येतो.

ऊसपट्टा:
क्युबाकडे वळलात तर मिगेल बार्नेट यांनी शब्दबद्ध केलेली एस्तेबान मोंतेहोची आठवणगाथा घ्या. पळून जाऊन रानात राहिलेला गुलाम, पुढे स्पेनविरुद्धच्या लढाईत उतरलेला. भाषा सोपी आहे, हैतीआधी वाचली तरी चालेल.