चर्चा: न आलेल्या पक्ष्यासाठी जागा राखून ठेवावी का?

टेकडीकर (धागाकर्ता)

रविवारी कवडीपाटला चक्रवाक बघून झाल्यावर चहाच्या टपरीवर आमच्या टोळक्याने एक मंडळ काढलं: कालप्रवासी पक्ष्यांच्या संरक्षणाचं. अर्थात काल्पनिक. नोंदणी नाही, वर्गणी नाही, आणि पुण्यात असूनही अजून फूट पडलेली नाही. घटना मात्र तयार आहे. कलम पहिलं: जो पक्षी एका काळात दिसेनासा होतो आणि दुसऱ्याच काळात उगवतो, तो कालप्रवासी. कलम दुसरं: मधल्या काळात कुठे होतास, असं त्याला विचारायचं नाही. कलम तिसरं: तो येणार हे धरून त्याची जागा जशीच्या तशी राखायची.

हसायच्या आधी वनपिंगळा आठवा. त्याचा शेवटचा खात्रीचा नमुना १८८४चा, खानदेशातला. त्यानंतर थेट नोव्हेंबर १९९७! शहाद्याजवळ, अमेरिकी पक्षीतज्ज्ञ पामेला रासमुसेन आणि त्यांच्या साथीदारांसमोर, दिवसाउजेडी. मधली ११३ वर्षं कोरी. १९७०च्या दशकात सलीम अली आणि डिलन रिप्ले या पक्षीतज्ज्ञांनीही शोधला होता, मिळाला नाही. जेर्डनचा धाविक हा पक्षीही तसाच. १९०० नंतर गायब, १९८६ साली आंध्रात कडप्प्याकडे हजर.

दोघांची जागा शिल्लक होती म्हणून ते परत दिसले. तेव्हा कलम तिसरं नुसतं चहापुरतं न ठेवता खरोखर पाळावं, असं माझं मत आहे. कोणाचं काय?

खवचट

कार्यकारिणीत मागच्या शतकातले सभासद घेणार का? कोरम पुढच्या शतकात भरला तर ठराव आधीच्या तारखेने मंजूर धरायचा? आणि वन्यजीव संरक्षण कायदा १९७२चा. १८८४चा पिंगळा अधेमधे १९३०ला उतरला, तर त्याला कुठली अनुसूची लावणार?

मुठाकाठची

तीव्र असहमत. कल्पना गोड आहे आणि तोच तिचा धोका आहे.

गिधाडांचं उदाहरण घ्या. १९९०च्या दशकात ती आपल्या डोळ्यांदेखत गेली. कुठल्या दुसऱ्या काळात नाही गेली. डायक्लोफिनॅक हे वेदनाशामक टोचलेली गुरं मेली, ती मढी गिधाडांनी खाल्ली, त्यांची मूत्रपिंडं निकामी झाली आणि ती झाडांवर माना टाकून मेली. गुरांसाठी ते औषध वापरायला बंदी आली २००६ साली, तोवर पांढऱ्या पाठीची गिधाडं शेकड्यात एकही उरली नव्हती. आता त्यांनाही तुमच्या मंडळात कालप्रवासी म्हणून घेणार का? 'प्रवासाला गेलाय' म्हटलं की 'आपण मारला' म्हणायचं टळतं. छान सोय आहे.

आणि जागाच राखायची हौस असेल तर येरवड्याजवळ या. सलीम अली अभयारण्य म्हणतात त्या काठावर जे पक्षी आहेत ते आजचे आहेत, आजच्या झाडांवर आहेत. मुळा-मुठेच्या सुमारे ४४ किलोमीटरच्या नदीकाठ सुधार प्रकल्पावर हरकती नोंदवायच्या होत्या तेव्हा तुमच्या टपरीवरचे किती जण आले होते?

तापीकाठचा

मुठाकाठचीताईंशी सहमत, पण माझं भांडण वेगळं आहे. वनपिंगळा कुठे गेलाच नव्हता हो! तो सातपुड्याच्या पायथ्याला सागाच्या जंगलात बसून सरडे खात होता. तिथल्या माणसांना कोणी विचारलं नाही, एवढंच. पुण्या-मुंबईच्या आणि लंडनच्या वहीत नोंद नाही म्हणजे पक्षी काळातून गायब, असं धरायचं?

बरं, त्या वहीतही चोरी होती. रिचर्ड माइनर्ट्झहागेन नावाच्या इंग्रज कर्नलने आपण १९१४ साली हा पक्षी गुजरातेत मांडवीजवळ मारल्याचं सांगितलं होतं. पुढे उघड झालं की तो नमुना जेम्स डेव्हिडसनने १८८०च्या दशकात खानदेशात गोळा केलेला. कर्नलसाहेबांनी लंडनच्या संग्रहालयातून ढापला, पुन्हा भरला आणि खोटी चिठ्ठी लावली. लोक बिचारे मांडवीकडे शोधत बसले. रासमुसेनबाईंनी ती नोंद बाजूला ठेवून खऱ्या नमुन्यांच्या जागा धुंडाळल्या, म्हणून पक्षी सापडला. म्हणजे कालप्रवास पक्ष्याने नाही केला, चिठ्ठीने केला. ३० वर्षं पुढे!

टेकडीकर

@तापीकाठचा, हा किस्सा घटनेच्या प्रस्तावनेत जाणार. पण तुमच्याच बोलण्यातून कलम तिसरं भक्कम होतं. वहीत पक्षी नव्हता, जंगल होतं. जंगल राहिलं म्हणून चिठ्ठीने फसवलं तरी पक्षी सापडला.

@मुठाकाठची, गिधाडं कलम एकमध्ये बसत नाहीत. हरकतीचा टोमणा मात्र लागला.

भुशुंडी

अवांतर: कालप्रवासी पक्षी पुण्याला नवा आहे होय? ओंकारेश्वराच्या घाटावर दहाव्याला उभे राहा. आजोबा, पणजोबा सगळ्यांच्या वतीने एकच कावळा येतो, आणि इच्छा राहिली असेल तर येतही नाही. पुराणातला काकभुशुंडी तर कल्पामागून कल्प बघत बसलेला. मंडळाचं अध्यक्षपद त्यालाच द्या.

करमाळेकर

सगळ्यांची मजा चाललीय म्हणून जरा कडू लिहितो. तुमचं कलम तिसरं आमच्याकडे खरोखर लागू होतं.

नान्नजचं माळढोक अभयारण्य १९७९चं. क्षेत्र किती? ८,४९६ चौरस किलोमीटर, सोलापूर आणि नगर जिल्ह्यांत पसरलेलं. त्यात गावं, शाळा, ऊस, साखर कारखाने, सगळं आलं. कागदोपत्री अख्खे तालुके पक्ष्याच्या नावाने. जमीन विकायची, बिनशेती करायची, विहिरीपलीकडे काही करायचं म्हटलं की अभयारण्य आडवं. मग ज्या पक्ष्यासाठी हे केलं त्याच्याविषयी लोकांच्या मनात काय उरलं असेल? माळढोक दिसला तरी सांगू नका, असं म्हणणारी माणसं मी पाहिलीत. पुढे क्षेत्र १,२२२ चौरस किलोमीटरवर आणलं. तोवर माळढोक दिसला की त्याची बातमी व्हायला लागली होती.

तेव्हा टेकडीकर, जागा राखा, जरूर राखा. पण ती कोणाची राखताय? कवडीपाटच्या टपरीवर बसून खानदेशातलं जंगल आणि आमचा माळ राखणं फार सोपं आहे.

मुठाकाठची

करमाळेकर, +१. माळ गेला तो अभयारण्यामुळे नाही, उसामुळे आणि नांगरामुळे, एवढी पुरवणी जोडते.

करमाळेकर

ताई, पाणी आल्यावर ऊस लावला म्हणून शेतकऱ्याला दोष देऊ नका. पुणेकरांनी टेकडीवर बंगला बांधला तर चालतो का?

टेकडीकर

दोन गोष्टी वेगळ्या करतो. ८,४९६ हा आकडा पक्ष्याने मागितला नव्हता. माळढोकाला उघडा गवताळ माळ लागतो, साखर कारखाना नाही. नकाशावर ढोबळ रेघ ओढली गेली, आणि जो माळ खरोखर राखायचा तो सरकारदरबारी 'पडीक' म्हणूनच राहिला. कुरण म्हणून त्याला किंमत मिळाली असती, मेंढपाळांचा हक्क लिहिला गेला असता, तर माळ आणि माणूस भांडले नसते. जागा राखायची हे माझं म्हणणं कायम आहे. फुकट राखायची, असं मी कुठेच म्हटलं नाही. ज्याच्या जमिनीवर राखायची त्याला भाडं द्यावं. कलम चौथं म्हणून घालतो.

खवचट

भाडं? वर्गणी नाही म्हणाला होतात.

करमाळेकर

भाडं म्हणताय तर करार नीट करा. पक्षी किती वर्षं आला नाही की मुदत संपते? वनपिंगळ्याचा हिशेब लावला तर ११३ वर्षं. म्हणजे सही माझी, पण भाडं मिळणार पणतूपर्यंत. तोवर तुमच्या मंडळातर्फे ते कोण भरणार, त्याचं नाव लिहा आधी. मग बोलू.